तळघरातला कोळसा कोण चोरतं? ‘क्राख इम हिंटरहाउस’ आणि युद्धानंतरचं बर्लिन

पाऊलवाट (धागाकर्ता)

एकाच नाटकावर जर्मनीत चौदा वर्षांच्या अंतराने दोन चित्रपट निघाले. नाटक माक्सिमिलियान ब्यॉटशर यांचं, १९३४ सालचं: ‘क्राख इम हिंटरहाउस’, म्हणजे मागच्या इमारतीतली भांडणं. पहिला चित्रपट १९३५ चा, दिग्दर्शक फाइट हार्लान. दुसरा १९४९ चा, दिग्दर्शक एरिश कोब्लर, कलाकार पाउल डालके, फिटा बेंकहोफ, उर्सुला हेरकिंग. दोन्हींचा गाभा तोच. बर्लिनमधली भाडेकरूंनी गच्च भरलेली इमारत, एकमेकांवर नजर ठेवून असलेले शेजारी, आणि तळघरातून नाहीसा होणारा कोळसा.

गोष्ट थोडक्यात अशी. बॉकबाई ही विधवा. तिच्या तळघरातल्या कप्प्यातून कोळशाच्या विटा, म्हणजे ब्रिकेट, कमी होत जातात. चोर बाहेरचा नाही, इमारतीतलाच कुणीतरी आहे, याची तिला खात्री आहे. पुरावा मात्र नाही. मग ती एका ब्रिकेटमध्ये बंदुकीची दारू भरून ठेवते. ज्याच्या घरात स्फोट होईल तो चोर. स्फोट होतो, आणि प्रकरण कोर्टात जातं. पुढचं सांगत नाही, बघणाऱ्यांची मजा जाईल.

जर्मन चित्रपटांच्या इतिहासात या विनोदपटाला फारशी जागा मिळत नाही. युद्धानंतरच्या काळाचा विषय निघाला की भग्नावशेषांतल्या गंभीर चित्रपटांची नावं येतात, आणि असे हलकेफुलके चित्रपट ‘लोकांना तेव्हा विरंगुळा हवा होता’ या एका वाक्यात निकालात निघतात. मला ते पटत नाही. हाच विनोद १९३५ मध्ये एक होता आणि १९४९ मध्ये वेगळा झाला होता, आणि तो वेगळा झाला प्रेक्षकांमुळे.

१९३५ च्या प्रेक्षकासाठी शेजाऱ्याच्या चार विटा उचलणं ही किरकोळ, जराशी लाजिरवाणी गोष्ट. १९४९ मध्ये त्याच खुर्च्यांवर बसलेल्या माणसांनी १९४६-४७ चा कडाक्याचा हिवाळा काढला होता. बर्लिनमध्ये लोकांनी टियरगार्टन या शहरातल्या मोठ्या बागेतली जवळजवळ सगळी झाडं सरपणासाठी तोडली होती. ऱ्हाइनकाठी लोक मालगाड्यांवर चढून कोळसा खाली टाकत आणि खाली उभी असलेली बायकापोरं तो गोळा करत. ३१ डिसेंबर १९४६ ला कोलोनचे कार्डिनल योसेफ फ्रिंग्स यांनी प्रवचनात सांगितलं की, जीव आणि तब्येत टिकवण्यासाठी जे लागतं ते काम करून किंवा मागून मिळत नसेल, तर गरजेपुरतं घेण्याची माणसाला मुभा आहे. एवढ्या मोठ्या धर्मगुरूने भर चर्चमध्ये हे सांगितल्यावर कोळसाचोरीकडे बघण्याची नजर तीच राहील कशी?

बर्लिनकरांच्या वाट्याला तर पुढे सोव्हिएत संघाने केलेली नाकेबंदीही आली. जून १९४८ ते मे १९४९ या काळात शहराच्या पश्चिम भागाला सगळा माल विमानाने येत होता, आणि त्या मालाचा सुमारे दोन तृतीयांश भाग कोळसाच होता. ज्या वर्षी कोळसा विमानातून उतरत होता, त्याच वर्षी कोळसाचोरीवरचा विनोदपट निघाला. हसता हसता त्या प्रेक्षकांपैकी कितीजणांना आपल्या तळघरातली गोष्ट आठवली असेल, याचा विचार केल्याशिवाय हा चित्रपट बघूच नये, असं मला मनापासून वाटतं.

बॉकबाई १९३५ मध्ये हुशार ठरते. १९४९ मध्ये मला तिची भीती वाटते. थंडीने कुडकुडणाऱ्या घरात तिने स्फोट घडवला आहे.

तुम्हाला काय वाटतं? त्या इमारतींबद्दल, त्या काळाबद्दल कुणाला माहिती असेल तर जरूर लिहा.

---

जास्वंदी

अतिशय आवडलं. मी बर्लिनमध्ये राहते, त्यामुळे इमारतीबद्दल लिहिते. ती रचना डोळ्यांसमोर नसेल तर या नाटकातलं अर्धं भांडण कळत नाही.

रस्त्याला लागून ‘फोर्डरहाउस’, म्हणजे पुढची इमारत. दर्शनी भागावर नक्षी, उंच खोल्या, रुंद जिना. कमानीतून आत गेलं की चौक. चौकाच्या कडेला बाजूच्या पाख्या आणि पलीकडे आडवी उभी ‘हिंटरहाउस’. काही ठिकाणी तिच्याही मागे दुसरा चौक, तिसरा चौक. वेडिंग भागातलं मायर्स होफ यासाठी प्रसिद्ध होतं. एकामागे एक चौकांची रांगच होती तिथे. १९७२ मध्ये ते पाडलं.

१८५३ च्या बांधकाम नियमांप्रमाणे चौक किमान ५.३४ मीटर लांब आणि तेवढाच रुंद ठेवावा लागे. हे माप रहिवाशांच्या उजेडाचा विचार करून ठरवलेलं नव्हतं, आगीचा बंब वळला पाहिजे म्हणून ठरवलेलं होतं. पाच मजल्यांच्या भिंतींमध्ये एवढासा चौक. तळमजल्यावरच्या मागच्या खोलीत ऊन जवळजवळ येतच नसे. संडास जिन्यात, दोन मजल्यांच्या मधल्या टप्प्यावर, दोनतीन बिऱ्हाडांत मिळून एक.

म्हणून पत्ता सांगताना नुसता घर क्रमांक पुरत नसे. ‘पुढे’ राहता की ‘मागे’, यावरून माणसाची पत कळे. एकाच दारातून आत येणारे डॉक्टर आणि धुणंवाली एकमेकांना रोज दिसत, पण जिने वेगळे. नाटकाच्या नावात ‘मागची इमारत’ आल्याबरोबर बर्लिनच्या प्रेक्षकाला कळत असे की गोष्ट कुणाची आहे.

तळघर मात्र सगळ्यांचं एकच. लाकडी पट्ट्या ठोकून केलेले कप्पे, प्रत्येकाला कुलूप, आणि पट्ट्यांच्या फटीतून शेजाऱ्याकडे किती माल उरला आहे ते सरळ दिसतं. कुणाकडे किती आहे हे सगळ्यांना माहीत असण्याची ती जागा आहे. भांडण तिथे सुरू होणारच.

---

गिरणगावकर

धाग्याबद्दल आभार. वाचताना आमची लालबागची चाळ आठवली. पण जास्वंदीताईंनी लिहिल्यावर फरकही लक्षात आला. चाळीत गॅलरी सगळ्यांची, दार दिवसभर उघडं, येणारा-जाणारा प्रत्येक दारावरून जाणार. तिथे दारं बंद आणि जिने वेगळे. माणूस दिसतो तो चौकाकडच्या खिडकीतून, नाहीतर तळघरात. संशय वाढायला ती रचना जास्त सोयीची वाटते.

प्रश्न: भाड्याचं काय होतं तिकडे? आपल्याकडे १९४७ च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्याने १ सप्टेंबर १९४० चं भाडं प्रमाण धरलं आणि घरं त्याच भाड्यावर अडकून राहिली. जर्मनीत तसं काही?

---

कोरडवाहू

@गिरणगावकर, होय, आणि तिकडे ते आधीच झालं होतं. १९३६ मध्ये नाझी सरकारने किमती गोठवल्या, त्यात भाडीही आली. युद्धानंतर दोस्तराष्ट्रांनीही ती तशीच ठेवली. पश्चिम जर्मनीत १९६० च्या कायद्यानंतर हे नियंत्रण टप्प्याटप्प्याने उठलं. पश्चिम बर्लिनमधल्या जुन्या घरांवर ते ऐंशीच्या दशकाच्या अखेरपर्यंत टिकलं.

पण १९४५ नंतर भाड्यापेक्षा मोठा प्रश्न होता तो खोल्यांचा. बर्लिनमधली साधारण एक तृतीयांश घरं राहण्याजोगी उरली नव्हती. वर पूर्वेकडून हाकलून दिलेले लाखो जर्मन लोक जर्मनीत येत होते. मार्च १९४६ मध्ये दोस्तराष्ट्रांच्या नियंत्रण परिषदेचा १८ क्रमांकाचा कायदा आला. त्याने गृहनिर्माण कार्यालयांना अधिकार मिळाला की, कुणाकडे जास्त जागा असेल तर तिथे दुसरं कुटुंब बसवायचं. तीन खोल्यांच्या घरात तीन कुटुंबं, स्वयंपाकघर एक, चूल एक. सगळे अनोळखी, कुणी कुणाला निवडलेलं नाही.

१९४९ चा चित्रपट बघायला आलेला माणूस असल्या घरातून उठून येत होता. पश्चिम जर्मनीचा पहिला मोठा गृहनिर्माण कायदा आला एप्रिल १९५० मध्ये. सहा वर्षांत १८ लाख घरं बांधायचं उद्दिष्ट होतं.

आता मुद्दा. पाऊलवाट, तुमचं विश्लेषण मला आवडलं, पण ते अर्धंच आहे असं मला वाटतं. बर्लिनमधल्या शेजाऱ्यांवरचा चित्रपट, संशयावरचा चित्रपट, आणि साल १९४९. ज्या गोष्टीचा उल्लेख त्यात नाही, तिच्याबद्दल कसं बोलायचं नाही?

३० एप्रिल १९३९ च्या कायद्याने ज्यू भाडेकरूंचं संरक्षण काढून घेतलं गेलं. घरमालकाने सांगितलं की घर सोडायचं आणि दुसऱ्या ज्यू कुटुंबाच्या खोलीत जाऊन राहायचं. दोन वर्षांनी, १८ ऑक्टोबर १९४१ ला, ग्रूनेवाल्ड स्थानकातून बर्लिनमधल्या ज्यूंना हद्दपार करणारी पहिली गाडी निघाली. शहरातले पन्नास हजारांहून जास्त ज्यू मारले गेले. रिकाम्या झालेल्या खोल्यांतलं सामान लिलावात गेलं आणि ते घेणारे कित्येकदा त्याच गल्लीतले लोक होते. चाळीस-साठ घरांमागे नाझी पक्षाचा एक माणूस नेमलेला असे आणि कोण परदेशी रेडिओ ऐकतं, कोण काय बोलतं, याची नोंद त्याच्याकडे जाई.

शेजारी शेजाऱ्यावर नजर ठेवतो, यातला विनोद अशा शहरात चार वर्षांनी लगेच परत आणणं मला अस्वस्थ करतं.

---

पाऊलवाट

@कोरडवाहू, तुमचा प्रतिसाद फार महत्त्वाचा आहे. मी तो दोनदा वाचला. चित्रपटातलं ते मौन मलाही खुपतं. पण एक गोष्ट यात जोडावीशी वाटते, ती पहिल्या चित्रपटाबद्दलची आहे.

१९३५ मध्ये बॉकबाईचं काम केलं हेनी पोर्टेन यांनी. जर्मन चित्रपटातल्या पहिल्या मोठ्या तारका म्हणून त्या ओळखल्या जातात. मूकपटाच्या काळात त्यांच्याइतकं लोकप्रिय क्वचितच कुणी असेल. त्यांचे पती ज्यू वंशाचे होते. घटस्फोट घ्या, असा दबाव आला. त्यांनी घेतला नाही. कामं कमी होत गेली. युद्धाच्या शेवटच्या टप्प्यात बॉम्बने त्यांचं घर उद्ध्वस्त झालं तेव्हा ज्यू माणसाला आसरा देणं हा गुन्हा होता, आणि ही दोघं रस्त्यावर आली.

आणि दिग्दर्शक फाइट हार्लान यांनी पाच वर्षांनी, १९४० मध्ये, ‘यूद झ्यूस’ हा ज्यूद्वेषाने भरलेला चित्रपट केला. त्यासाठी युद्धानंतर त्यांच्यावर मानवतेविरुद्धच्या गुन्ह्याचा खटला हांबुर्गमध्ये चालला. १९४९ मध्ये ते निर्दोष सुटले, १९५० मध्ये पुन्हा.

म्हणजे कोब्लर यांचा चित्रपट निघाला त्याच वर्षी त्या गोष्टीच्या पहिल्या दिग्दर्शकाचा निकाल लागत होता. विनोदपटात शेवटी कोर्टात सत्य बाहेर येतं आणि सगळे हसत घरी जातात. हांबुर्गच्या कोर्टात तसं झालं नाही. मला वाटतं, या दोन कोर्टांमधलं अंतर हा चित्रपट समजून घेण्याचा खरा रस्ता आहे. लोकांना असं कोर्ट बघायचं होतं जिथे गुन्हा म्हणजे चार विटा, आणि गुन्हेगार म्हणजे खालच्या मजल्यावरचा माणूस.

---

शेवग्याची_शेंग

इथे थोडं उर्सुला हेरकिंगबद्दल. तिचं नाव नुसतं यादीत राहू नये.

युद्धानंतर म्युनिकमध्ये ‘शाउबुडं’ नावाचं कॅबरे, म्हणजे गाणी आणि उपरोधिक प्रवेशांचं छोटं रंगमंच, सुरू झालं. तिथे १९४६ मध्ये लेखक एरिश केस्टनर यांचं ‘मार्शलीड १९४५’ (कूचगीत १९४५) हे गीत हेरकिंगने सादर केलं. पुरुषी पँट, जुना कोट, पाठीवर पिशवी, हातात चेपलेली बॅग, मागे रस्ता. घर हरवलेली, चालत निघालेली, आणि तरी मान ताठ असलेली बाई. तिने स्वतः पुढे सांगितलं आहे की, शेवटी प्रेक्षक उभे राहिले, एकमेकांच्या गळ्यात पडले.

तीच बाई तीन वर्षांनी शेजाऱ्यांच्या भांडणात दिसते. या चित्रपटाला कमी लेखणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं, अशी कळकळीची विनंती. ही मंडळी पोट भरायला विनोद करत होती हे खरं, पण कुठून आलो आहोत ते विसरली नव्हती. पाउल डालके यांना पुढे ‘द्राय मेनर इम श्ने’ या १९५५ च्या चित्रपटाने मोठं यश दिलं. तोही केस्टनरांच्याच गोष्टीवरचा.

कोब्लर मात्र नंतर मुलांच्या परीकथांकडे गेले. १९५५ मध्ये त्यांनी हिमगौरीची गोष्ट केली.

---

अनामिक_वाचक

माझा कोरडवाहूंना पाठिंबा, पण पूर्ण नाही. बर्लिनमध्ये लपून राहून सुमारे १,७०० ज्यू वाचले. ते कसे वाचले? अशाच इमारतींत, कुणाच्या तरी मागच्या खोलीत, कुणीतरी वरचा मजला, तळघर किंवा बागेतली झोपडी दिल्यामुळे. एक माणूस वाचवायला कित्येक माणसं लागत. एकाने झोपायला जागा दिली, दुसऱ्याने आपल्या शिधापत्रिकेतला पाव दिला, तिसरीला दिसलं आणि ती गप्प राहिली. त्या इमारतीत नजर ठेवणारे होते, तसे बघूनही न सांगणारे होते. दोन्ही एकाच जिन्यावर राहत होते.

१९३५ आणि १९४९ मधली बॉकबाई बघताना मला तिच्या शेजारच्या दारामागे कोण आहे हे शोधावंसं वाटतं. नाटक ते दाखवत नाही, हे कबूल.

---

आर्या_के

सगळे प्रतिसाद सुंदर. मला त्या काळातल्या ज्या विनोदपटाने खरं हलवलं तो म्हणजे ‘बर्लिनर बालाडं’. ३१ डिसेंबर १९४८ ला प्रदर्शित झाला, म्हणजे नाकेबंदी चालू असताना. लेखन ग्युंटर नॉयमान, दिग्दर्शन रोबेर्ट श्टेमले. पुढे जेम्स बाँडच्या ‘गोल्डफिंगर’मधला धिप्पाड खलनायक झालेला गेर्ट फ्र्योबे इथे काटकुळा, खप्पड गालांचा सैनिक आहे. नाव ओटो नोर्मालफरब्राउखर, म्हणजे शिधापत्रिकेच्या सर्वसाधारण वर्गातला ग्राहक. गोष्ट २०४८ सालातून मागे बघत सांगितली आहे.

सैनिक युद्धावरून घरी येतो तर त्याच्याच घरात दुसरी माणसं राहत आहेत, आणि आता त्याने त्यांच्याशी जमवून घ्यायचं आहे. कोरडवाहूंनी सांगितलेला १८ क्रमांकाचा कायदा या एका प्रवेशात मावतो. ‘क्राख इम हिंटरहाउस’ जुनं नाटक नव्या काळात आणतो. हा चित्रपट त्या काळाच्या पोटातूनच आला आहे. म्हणून मला तो जास्त खरा वाटतो.

१९४६ मधला श्टाउडटं यांचा ‘डी म्योर्डर सिंड उंटर उन्स’ हा विनोदपट नाही, पण त्यातही हाच घरवापसीचा प्रसंग आहे. छळछावणीतून परत आलेल्या तरुणीला आपल्या घरात एक डॉक्टर राहत असलेला सापडतो.

---

गिरणगावकर

कोळशाबद्दल अजून एक विचारायचं राहिलं. ब्रिकेटमध्ये दारू भरून खरंच स्फोट होईल का, की नाटकासाठी रचलेली गोष्ट आहे?

---

जास्वंदी

@गिरणगावकर, जुन्या घरातली भट्टी पाहिली की पटतं.

बर्लिनमधली ती भट्टी म्हणजे जवळजवळ छतापर्यंत गेलेलं टाइल्सचं उंच खोकं. आत मातीच्या विटांचे वळणदार मार्ग असतात, जेणेकरून धूर लगेच बाहेर न जाता आतच फिरावा आणि सगळं खोकं तापावं. ब्रिकेट लाउसिट्झ भागातल्या तपकिरी कोळशाच्या, दाबून केलेल्या, त्यावर ‘रेकॉर्ड’ हे नाव उठवलेलं. सकाळी लाकडाच्या चिपट्यांवर त्या रचायच्या, जाळ लागून निखारे झाले की भट्टीचं दार घट्ट फिरवून बंद करायचं. मग खोली संध्याकाळपर्यंत ऊब देत राहते. दार लवकर बंद केलं तर विषारी वायू खोलीत येतो, उशिरा केलं तर ऊब धुराड्यातून निघून जाते. म्हणून भट्टी पेटवणं हे घरातल्या एकाच माणसाचं काम असे.

आता बंद खोक्यात, दार आवळलेलं असताना, दारू पेटली तर टाइल्स फुटणारच, आणि खोलीभर राख. नाटककाराने उपाय उगाच निवडलेला नाही. घरातली एकमेव उबेची जागा फुटते, आणि हिवाळ्यात नवी भट्टी बसवणं गरीब घराला परवडत नाही. बॉकबाईने चोराला दिलेली शिक्षा चोरीपेक्षा कितीतरी मोठी आहे. पाऊलवाट यांना १९४९ मध्ये तिची भीती वाटते ती यामुळे, असं मला वाटतं.

अशा भट्ट्या शहराच्या पूर्व भागात १९९० नंतरही कित्येक वर्षं चालू होत्या. हिवाळ्यात रस्त्यावर त्या धुराचा आंबट वास येत असे, असं इथले जुने लोक सांगतात.

---

कोरडवाहू

@जास्वंदी, हा तपशील फार मोलाचा. माझ्या मनात फ्रिंग्स यांच्या प्रवचनाचा दुसरा भाग आहे, तो सहसा कुणी सांगत नाही. त्याच प्रवचनात ते पुढे म्हणाले की, बऱ्याच ठिकाणी लोक गरजेच्या फार पुढे गेले आहेत. त्यांनी घेतलेलं परत केलं पाहिजे, नाहीतर देवाकडे क्षमा नाही.

म्हणजे चोराला विचारायचा प्रश्न एकच: तुझ्या घरी कोळसा होता की नव्हता? या गोष्टीत चोरी गरजेने झाली की हावेने, यावर सगळं ठरतं. नाटक १९३४ चं आहे, तेव्हा लेखकाने हा प्रश्न विचारलेला नाही. कोब्लर यांना तो १९४९ मध्ये विचारता आला असता.

---

पाऊलवाट

@कोरडवाहू, हे मला पूर्ण मान्य आहे. माझ्या मते त्या चित्रपटाची सर्वांत मोठी उणीव हीच. चार हिवाळे असे काढल्यावर चोराच्या घरात एकदा तरी डोकावून बघायला हवं होतं.

@आर्या_के, तुमचं ऐकून ‘बर्लिनर बालाडं’ वेगळ्या धाग्यावर घेऊया. ज्यांना दोन्ही बघायचे आहेत त्यांनी आधी ‘क्राख इम हिंटरहाउस’ बघावा, शक्य झालं तर १९३५ चा आणि १९४९ चा लागोपाठ, आणि हेनी पोर्टेन आपल्या ब्रिकेटमध्ये दारू भरते तिथे थांबून तिच्या घराचं पुढे काय झालं ते मनात धरून मग पुढचा भाग चालू करावा.